लाडोचा कॅमेरा आणि तुम्ही मागितलेले चार दिवस

सुभेदार गणपतराव शेलार, माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे असं कोणी विचारलं तर मी तुमचं नाव घेईन. आईवडिलांना याचं वाईट वाटणार नाही. अण्णांनी रिसोडच्या अडतीत पोती वाहून मला एम.एस्सी. केलं. पण एम.एस्सी. झालेल्या मुलानं पुढे काय करायचं हे त्यांना माहीत नव्हतं आणि मलाही माहीत नव्हतं. ते मी जयपुरात शिकलो, खातीपुऱ्यातल्या तुमच्या घरी, तुमच्या कामाच्या टेबलाशी उभा राहून.

तुमच्या सूनबाई सुनंदावहिनींचं पत्र परवा दुपारी मिळालं. तुम्ही सोमवारी पहाटे कोरेगावच्या घरी शेवटचा श्वास घेतलात, फार त्रास झाला नाही, असं त्यांनी लिहिलंय. तुमची नोकरी, पलटण, पदकं याबद्दल तुमच्या बरोबरीचे लोक लिहितील. मराठी मंडळाच्या अंकासाठी माझ्याकडे मजकूर मागितला आहे. मी हाच देणार आहे. यातली एक गोष्ट इथल्या मराठी मंडळींपैकी कोणालाच माहीत नाही, कारण तुम्ही ती मला कधी बोलू दिली नाहीत.

मी तुमच्याकडे भाडेकरू म्हणून आलो तो दिवस आठवतो. ट्रंक दारात ठेवून मी उभा होतो. तुम्ही चष्मा कपाळावर चढवलात आणि विचारलंत, "मटण खातोस?"

"खातो, साहेब."

"बरं झालं. रविवारी एकट्यासाठी करायचा कंटाळा येतो. आन् साहेब म्हणू नगंस. मी आता सिव्हिलात हाय. काका म्हण."

मला ते बरेच दिवस जमलं नाही. तुम्ही मात्र पहिल्याच आठवड्यात माझं दिनकर हे नाव टाकून दिलंत. मी 'एमेस्सी' झालो. "एमेस्सी, दूध उतू चाललंय." "एमेस्सी, नळाचा वायसर बदलायचं तुमच्या पुस्तकात लिवलंय का न्हाई?" लिहिलेलं नव्हतं. वायसर बदलायला तुम्हीच शिकवलंत. कानस कशी धरायची, पितळ आणि लोखंड हाताला कसं वेगळं लागतं, आणि ज्याचं काम आपण बिघडवलं त्याच्या घरी आपण स्वतः जायचं, हेही तुम्हीच शिकवलंत. यातलं शेवटचं मी किती उशिरा शिकलो ते तुम्हाला ठाऊक आहे.

काकू याच घरात वारल्या होत्या, म्हणून निवृत्तीनंतर तुम्ही जयपूर सोडलं नव्हतं. मुलगा आणि सून कोरेगावला. फौजेत तुम्ही सगळी नोकरी यंत्रं दुरुस्त करण्यात काढलीत आणि निवृत्त झाल्यावर घड्याळं, रेडिओ, शिलाई मशिनं. आजूबाजूचे लोक आणून ठेवायचे आणि तुम्ही म्हणायचात, "परवा या." परवा ते तयार असायचं. तुम्ही सांगितलेला दिवस कधी चुकलेला मी पाहिला नाही.

माझं काम तेव्हा अडलं होतं. आमेरच्या पलीकडच्या डोंगरात नीलगायींचे कळप आहेत. आमच्या विदर्भात त्यांना रोही म्हणतात. दुष्काळापासून हे कळप शेतात उतरू लागले होते. शेतकरी म्हणायचे, सगळं पीक याच खातात, यांना मारायची परवानगी द्या. पण त्या दिवसभर कुठे असतात, रानात काय खातात, शेतात किती वेळ काढतात, हे कोणी नीट पाहिलेलं नव्हतं. ते पाहणं हा माझा संशोधनाचा विषय. मी दुर्बीण घेऊन मागे हिंडायचो. माणूस दिसला की कळप पळायचा. माझ्या वहीत त्यांच्या पाठींखेरीज काही नव्हतं.

एका संध्याकाळी जेवताना मी तुम्हाला सरांचं, म्हणजे माझ्या मार्गदर्शकांचं, म्हणणं सांगितलं. "सर म्हणतात, जनावराच्याच गळ्यात कॅमेरा बांधला तर दिसेल. परदेशात समुद्रातल्या प्राण्यांवर कोणीतरी बांधून बघतंय म्हणे."

तुम्ही भाकरी मोडायची थांबलात. "मतलब, जनावरच फोटोग्राफर."

"तसंच."

"आन् बटण कोण दाबणार? तुमचं सर?"

मी हसलो. तुम्ही हसला नाहीत. हात धुऊन टेबलाशी गेलात आणि एक बंद पडलेलं गजराचं घड्याळ उघडलंत.

ते यंत्र तयार व्हायला दीड महिना लागला. विद्यापीठातल्या आमच्या विभागानं फिल्म आपोआप पुढे सरकवणारा एक छोटा कॅमेरा दिला होता. घड्याळाच्या मिनिटकाट्याच्या जागी तुम्ही पितळी चकती बसवलीत. चकतीवर सहा खुंट्या. दर दहा मिनिटांनी एक खुंटी एका पट्टीला ढकलायची आणि पट्टी कॅमेऱ्याचं बटण दाबायची. छत्तीस फोटोंचा रोल सहा तास चालायचा. हे सगळं तुम्ही तुमच्या जुन्या मेसटिनमध्ये, म्हणजे फौजेतल्या जेवणाच्या डब्यात, बसवलंत आणि पुढे बॅटरीची काच लावलीत. पट्टा फौजेचाच, खाकी. मग तो डबा स्वतःच्या गळ्यात अडकवून तुम्ही दिवसभर हिंडलात. भाजी आणायलाही तसेच गेलात. भाजीवाल्यानं विचारलं, "फौजीजी, नया रेडियो लिया क्या?" तुम्ही म्हणालात, "हां भैया, इसमें तेरा फोटो बजता है." घरी येऊन मानेवरचा लाल वळ मला दाखवलात आणि पट्ट्याला आतून लोकर शिवलीत.

रानातली नीलगाय पकडून तिच्या गळ्यात काही बांधणं आम्हाला शक्य नव्हतं. लाडो होती म्हणून काम झालं. आमेरच्या पुढे डोंगराच्या पायथ्याशी राहणाऱ्या गुलाबमाईनं दुष्काळात एक पाडस उचलून आणलं होतं आणि बकरीच्या दुधावर वाढवलं होतं. तीच लाडो. मोठी झाल्यावर ती सकाळी रानात कळपाबरोबर जायची आणि संध्याकाळी कोंडा खायला माईच्या अंगणात परत यायची. माईनं आपल्या जुन्या ओढणीचं लाल कापड तिच्या गळ्यात बांधलं होतं. डोंगराच्या दोन्ही बाजूंच्या शेतांत ती खूण माहीत होती. कळप पिकात शिरला की राखणदार दगड आणि लाठ्या घेऊन धावायचे, पण लाल कापड दिसलं की हात खाली घ्यायचे. "जा लाडो, घर जा," एवढं म्हणायचे.

माईनं तुमचा डबा हातात घेऊन वजन पाहिलं. "इससे मेरी लाडो का क्या भला होगा?"

मी काहीतरी मोठं उत्तर देणार होतो. तुम्ही आधी बोललात. "इसका कुछ भला नहीं होगा, माई. इसकी जात का शायद हो जाए."

तिनं डबा तुमच्या हातात परत दिला. मग म्हणाली, "तू झूठ नहीं बोलता. बाँध दे."

परत येताना बसमध्ये आपला पहिला वाद झाला आणि तो शेवटपर्यंत मिटला नाही. तुम्ही म्हणालात, "मीबी पाठीवर वायरलेस वाहिलाय. पण मला म्हाईत होतं कशासाठी वाहतोय. हिला कुणी सांगितलं?" मी म्हणालो की हिच्या कळपावर बंदूक चालू नये म्हणूनच तर हे आहे. तुम्ही म्हणालात, "ते तुला म्हाईत. मी हिचं विचारतोय." मला तेव्हा वाटलं, शिक्षण नसलं की माणूस असा अडतो. असं वाटल्याची लाज मला आजही आहे.

पहिल्या रोलमध्ये नुसता कान आणि आकाश. तुम्ही डब्याचा कोन बदललात. दुसरा रोल चारदीवारीतल्या, म्हणजे जुन्या शहरातल्या, एका स्टुडिओतून धुऊन आणला आणि आपण दोघं फुटपाथवरच उभे राहून पाहू लागलो. माझ्या वहीत पाठी होत्या. इथे तोंडं होती. बोरीच्या झुडपात मान घातलेली एक नीलगाय, तिच्या ओठांवरचे केस दिसत होते. डबक्यावर वाकलेल्या तिघी. एक पाडस थेट काचेकडे बघत होतं, त्याच्या डोळ्यांत भीती नव्हती. माणसाकडे ते तसं कधीच बघत नाही. तुम्ही तो फोटो बराच वेळ हातात धरलात आणि म्हणालात, "आपण तिथं नसलो की ही अशी असत्यात व्हय." नंतर माझ्या प्रबंधात मी पानंच्या पानं लिहिली, पण त्यात या वाक्याएवढं नेमकं काही नव्हतं.

मग थंडीचा वारा सुरू झाला. पुढचा अख्खा रोल वाया गेला. छत्तीस फोटोंत राखाडी पडदा. ते माईचं कापड होतं, वाऱ्यानं उडून काचेवर येत होतं. तुम्ही डबा मानेच्या दुसऱ्या बाजूला घ्यायचं ठरवलंत. त्यासाठी नवी चौकट करावी लागणार होती आणि तोल राखायला या बाजूला वजन.

"चार दिवस दे," तुम्ही म्हणालात.

"शनिवारी दिल्लीहून शिष्यवृत्तीचे साहेब येतायत. फोटो बघून काम पुढे चालवायचं की नाही ते ठरवणार. आज सोमवार. शुक्रवारी चौकट बसली तरी मला रोल कधी मिळणार?"

"मग साहेबाला सांग, चार दिवस उशीर झालाय."

"कापडच काढलं तर?"

"न्हाई. कॅमेरा आपला हाय, आपण हलवू. कापड तिचं हाय." तुम्ही वर पाहिलंही नाहीत.

गुरुवारी सकाळी मी एकटा गेलो. माई लेकीच्या घरी गेली होती आणि लाडो अंगणात कोंडा खात होती. मी डबा बांधला, कापड सोडलं आणि घडी करून खिशात ठेवलं. संध्याकाळी परत बांधायचं, कोणाला कळणारही नाही, असा माझा विचार होता. मला तेव्हा फक्त शनिवार दिसत होता. शिष्यवृत्ती बंद झाली असती तर मला रिसोडला परत जावं लागलं असतं. अण्णांनी विचारलं असतं, "काय झालं?" आणि त्यांना समजेल असं उत्तर माझ्याकडे नव्हतं.

तिसऱ्या प्रहरी डोंगरापलीकडच्या शेतातला रामफूल धापा टाकत माईच्या अंगणात आला, मी तिथेच थांबलो होतो. कळप त्याच्या हरभऱ्यात शिरला होता. तो लाठी घेऊन धावला तशा बाकीच्या सगळ्या पळाल्या. एकच पळाली नाही. ती त्याच्याकडे चालत येऊ लागली.

"गले में डिब्बा था, साहब. कपड़ा नहीं था. मैंने समझा पागल हो गई है, मुझ पर आ रही है. मैं तो डर गया."

ती माणसाकडेच जाणार. तिला माणसांनीच वाढवलं होतं. त्यानं लाठी घातली, आणि ती खाली पडल्यावर कानाची खूण पाहून त्यानं तिला ओळखलं. पुढचा उजवा पाय गुडघ्याखाली मोडला होता.

कॅमेरा चालू होता. त्या रोलमध्ये एक फोटो रामफूलचा आहे, दोन्ही हात वर, तोंड उघडं. त्यानंतरचे अकरा फोटो एकाच दगडाचे आहेत.

मी बाजारातल्या दुकानातून तुमच्या शेजारच्या दुकानाला फोन केला. तुम्ही दुसऱ्या दिवशी पहिल्या बसनं आलात. पिशवीत अर्धी झालेली चौकट होती, ती तुम्ही तशीच उचलून आणली होतीत. जनावरांच्या डॉक्टरांनी पाय बसवून बांधला होता, पण पट्टी टिकेना. तुम्ही ती चौकटच कापलीत, वाकवलीत आणि तिची पायाला आधार देणारी पन्हळ केलीत. मला एकच विचारलंत, "कापड कुठाय?" मी खिशातून काढून दिलं. तुम्ही ते तुमच्या खिशात घातलंत. मला वाटलं, तुम्ही ते जपून ठेवताय.

तासाभरानं माई आली. तिनं लाडोला पाहिलं, पायाला पाहिलं, मग गळ्याकडे पाहिलं. "कपड़ा किसने उतारा?"

मी तोंड उघडलं होतं, हे तुम्हाला सांगायचं राहून गेलं. उघडलं होतं, पण आवाज निघाला नव्हता. तुम्ही खिशातून कापड काढून तिच्यापुढे धरलंत. "मैंने उतारा, माई. कैमरे के आगे आता था."

तिनं कापड घेतलं. "मैं तुझे सच्चा आदमी समझती थी," म्हणाली आणि आत गेली.

बसमध्ये मी रडलो. तुम्ही खिडकीबाहेर बघत होतात. म्हणालात, "तुझं नाव सांगितलं असतं तर तिनं तुला पाऊल ठेवू दिलं नसतं. गावानंबी दिलं नसतं. तुझं शिक्षण व्हायचंय अजून. माझं काय, अठ्ठावीस वर्षं फौजेत शिव्याच खाल्ल्या."

"मी तिला सांगणार."

"आता सांगून तुला बरं वाटंल. तिला काय वाटंल?"

तुम्ही जिंकलात असं मी धरून चाललो, कारण ते माझ्या सोयीचं होतं. पण काका, तुमचं ते म्हणणं मला आजही पटत नाही. तिला काय वाटेल हे तुम्ही तिच्या वतीनं ठरवलंत. लाडोला कोणी विचारलं नाही म्हणून माझ्याशी वाद घालणाऱ्या माणसानं माईलाही विचारलं नाही. हे मी तुमच्या तोंडावर बोलायला हवं होतं.

शनिवारी दिल्लीचे साहेब आले. जुन्या रोलमधले फोटो पाहून खूश झाले. काम पुढे चाललं. दुसऱ्या एका पाळलेल्या नीलगायीवर आपण तोच डबा बांधला, या वेळी कापडासकट. त्या फोटोंवरून एवढं निश्चित सांगता आलं की कळप दिवसाचा बराच वेळ रानातच बोरी आणि बाभळीच्या शेंगांवर असतो, आणि शेतात बहुतेक कडेकडेनं आणि ठरावीक वेळी शिरतो. म्हणजे राखण त्या वेळी केली तर बंदुकीची गरज नाही. प्रबंधात लाडोबद्दल मी एकच ओळ लिहिली, की एका प्राण्यास अपघात झाला. तुम्ही ती वाचलीत आणि पान उलटलंत.

तोंडी परीक्षेला मी तुमचा ब्लेझर घालून गेलो. पलटणीची बटणं काढून तुम्ही साधी लावली होतीत आणि बाह्या आत दुमडून शिवल्या होत्या. "हात खिशात घालू नगंस," एवढीच सूचना. निकालाची तार अण्णांना तुम्हीच केलीत. मी विसरलो होतो.

मला सर्वांत जास्त आठवतात ते रविवार. लाडोचा पाय जुळला, पण वाकेना. ती परत कळपात गेली नाही, माईच्या अंगणातच राहिली. दर रविवारी आपण बडी चौपडीवर बस बदलून आमेरला जायचो. तुम्ही तिचे खूर घासायचात, पन्हळीचा पट्टा बदलायचात, गूळ आणि चणे खाऊ घालायचात. माई बाहेर यायची, मला खाट सरकवून द्यायची आणि पितळी लोट्यातून छाछ, म्हणजे ताक, द्यायची. तुम्हाला नाही. तुम्ही जमिनीवर बसून काम करत असायचात आणि ती तुमच्या अंगावरून पलीकडे बघायची. पहिल्या वेळी मी लोटा तुमच्यापुढे केला. तुम्ही हळूच म्हणालात, "पी गुपचूप. तिच्या घरचं हाय, कुणाला द्यायचं ते तिला ठरवू दे." मी प्यायलो. त्यानंतर मी दर वेळी प्यायलो. चौदा महिने. उन्हाळ्यात तुमच्या मानेवरून घाम ओघळायचा आणि तुम्ही परतताना बसस्टँडवरच्या नळाला तोंड लावायचात. "आज छाछ आंबट होती का रं?" असं मला विचारायचात. चेष्टा करायचात. तुम्हाला राग कसा येत नव्हता, हे मला कधीच कळलं नाही.

पुढच्या मार्चमध्ये तुमचा दम वाढला आणि वहिनी तुम्हाला न्यायला आल्या. जायच्या आदल्या रविवारी तुम्ही आमेरला आलात, चढावर तीनदा थांबलात. माईला म्हणालात, "माई, मैं गाँव जा रहा हूँ." ती शेण गोळा करत होती. मान वर केली नाही. तुम्ही लाडोच्या मानेवर हात ठेवलात आणि आपण निघालो.

तुमच्यामागे दर रविवारी मी एकटा जात राहिलो, चार महिने. मग एका रविवारी तिला सांगून टाकलं आणि त्याच दिवशी तुम्हाला पत्र लिहिलं. वहिनी लिहितात की पत्र पोहोचलं. तुम्हाला अक्षर लागत नव्हतं म्हणून त्यांनीच वाचून दाखवलं. तुम्ही मधे एकदाच थांबवलंत. "पाच न्हाई. चार दिवस मागितले होते. एमेस्सीला सांग, नीट लिहीत जा." पूर्ण झाल्यावर पुन्हा एकदा वाचायला लावलंत. मग म्हणालात, उत्तर द्यायचंय, सोमवारी लिहू, आज दम लागतोय. सोमवारी पहाटे तुम्ही गेलात.

तुम्ही गेल्याचं मी माईला अजून सांगितलेलं नाही. या रविवारी जाईन. तुम्ही गेलात आणि उत्तर आलं नाही, एवढंच सांगणार आहे, माझ्याकडून त्यात काही घालणार नाही. माझं ते पत्र खाली देतो. वहिनींनी ते आपल्या पत्रासोबत परत पाठवलंय. चुकलेला आकडाही तसाच ठेवला आहे.

*

खातीपुरा, जयपूर
रविवार, संध्याकाळ

सुभेदारकाकांस दिनकरचा नमस्कार.

तुमची तब्येत कशी आहे? औषध वेळेवर घ्या. इकडे घर ठीक आहे. मागच्या नळाचा वायसर मी बदलला.

आज तुम्हाला न विचारता एक गोष्ट केली. माईला सगळं सांगितलं. तुम्ही पाच दिवस मागितले होते, मी थांबलो नाही, ती नसताना कापड मी काढलं आणि तिनं विचारलं तेव्हा मी गप्प राहिलो, असं क्रमानं सांगितलं. तुम्ही रागवाल. पण तुम्ही इथे नसताना त्या खाटेवर बसवेना.

मी थांबल्यावर तिनं लाडोच्या पायावरून हात फिरवला. मग म्हणाली, "चौदह महीने वो मेरे आँगन में प्यासा बैठा." मी मान हलवली. म्हणाली, "और तूने हर बार पी ली." मी हो म्हणालो. तिनं माझ्या हातातला लोटा काढून घेतला. ओरडली नाही. ओरडली असती तर मला सोपं गेलं असतं.

मी उठलो तर म्हणाली, बस, काम कर. मी लाडोचे खूर घासले. तुमच्याइतके नीट झाले नाहीत. निघताना तिनं सांगितलं की दर रविवारी यायचं, चुकवायचं नाही, आणि तुला इथे काही मिळणार नाही. मी कबूल केलं.

तुम्ही म्हणाला होतात, सांगून मला बरं वाटेल. वाटलेलं नाही. तिला काय वाटलं ते मी ठरवू शकत नाही, म्हणून तिचंच बोलणं कळवतो. ती म्हणाली, "उससे पूछ, मुझसे झूठ क्यों बोला. मैं इतनी बुरी थी कि सच नहीं सुन सकती थी?"

तिला वाचता येत नाही, तेव्हा तुमचं उत्तर मीच तिला वाचून दाखवणार. म्हणून एक विनंती आहे. उत्तर हिंदीत लिहा. मराठीत लिहिलंत तर ते मला माझ्या शब्दांत तिला सांगावं लागेल, आणि माझ्याविरुद्ध जाणारं मधे कुठे गाळणार नाही, असा मला अजून माझा भरवसा नाही.

तुमचा
दिनकर